काठीला लागलेला चिखल

एकदा एका नगरातल्या रंगाऱ्याने न्यायसभेचा हुकूम चक्क धुडकावला. त्याच्या कारखान्याच्या खालच्या अंगाला, त्याच पाटावर, एका माळ्याचा पानमळा होता. कापड धुवायला पाणी पुरावे म्हणून रंगारी पाटात फळी टाकून पाणी अडवून ठेवी आणि खाली वेल सुकत. वृद्ध न्यायाधीशांनी निकाल दिला, सकाळचे पाणी मळ्याला सोडावे. त्यांचा शिष्य तो हुकूम घेऊन गेला, तेव्हा रंगारी भर बाजारात म्हणाला, “सांग तुझ्या गुरुजींना, पाणी माझ्या मर्जीनं सुटेल!” लोक हसले. शिष्याला ते हसू फार झोंबले.

माळ्याने न्यायसभेच्या अवमानाची फिर्याद केली. नगराच्या रीतीप्रमाणे सभेची चांदीच्या मुठीची काठी रंगाऱ्याच्या दारात रोवली गेली. ती असेपर्यंत त्याच्याशी कुणी देवघेव करायची नाही. पिंपांतला रंग नासू लागला, कारागीर घरी बसले. शेवटी रंगारी मळ्यात गेला, सुकलेले वेल पाहून वरमला आणि स्वतःच्या हातांनी फळी काढून आला.

आता दोघेही सभेत उभे होते. रंगाऱ्याने क्षमा मागितली. माळी म्हणाला, “महाराज, फिर्याद मागं घेतो.”

“याच्या धाकाने म्हणतोस का?” न्यायाधीशांनी विचारले.

“नाही जी. पाणी येतंय. त्याच्या दारातली काठी आता मलाच बघवत नाही.”

शिष्याची चुळबुळ चालली होती. तो उठला, दारापर्यंत गेला, परत आला, पुन्हा उठला. अखेर त्याला राहवेना. “गुरुजी, भांडण यांचे मिटले. अपमान तर न्यायसभेचा झाला! तो हा माळी कसा मागे घेणार? काठी वर्षभर तिथेच राहू द्या.”

न्यायाधीश उठून रंगाऱ्याच्या घराकडे निघाले. रंगाऱ्याच्या दारातली काठी त्यांनी उपटली आणि तडक पाटावर गेले. सगळे मागोमाग. पाणी वाहत होते, पण मळ्याच्या तोंडाशी पालापाचोळा अडकून धार बारीक झाली होती. म्हाताऱ्याने धोतर खोचले आणि ती काठी सरळ चिखलात खुपसून पाला ढकलायला सुरुवात केली.

“गुरुजी!” शिष्य ओरडलाच. “ही न्यायसभेची काठी आहे!”

“म्हणूनच. ती दारात कशासाठी रोवली होती? याच पाण्यासाठी. पाणी आले, याने चूक कबूल केली, फिर्यादीवर दडपण नाही हे मी विचारून घेतले. यापुढे काठी तिथे राहिली, तर ती न्यायाची राहणार नाही, तुझ्या रागाची होईल. उद्या पाणी अडले तर पुन्हा रोवू. आणि खरे सांग, बाजारात लोक कुणाला हसले होते?”

शिष्याने मान खाली घातली. “मला.”

थोड्या वेळाने त्याने गुरूंच्या हातून काठी घेतली आणि पाटात उतरला. पाय घसरून तो पाण्यातच बसला. रंगाऱ्याला हसू आवरेना. हात द्यायला तो खाली उतरला, आणि या वेळी शिष्यही हसला.