गाडीवरची भिंत

“चार हात रुंदी पुरे होईल का, अप्पा? का पाच करू?”

बसलिंग गवंडी नारळ पुढे ठेवून विचारत होता. नारळ आशीर्वादासाठी होता, सल्ल्यासाठी नव्हे. भिंतीच्या बाबतीत आपल्याला शिकवणारा माणूस अजून जन्मायचा आहे, असं त्याचं प्रामाणिक मत होतं. गावात तशी म्हणच पडली होती: बसलिंगाची भिंत, कशाची खंत!

दीड महिन्यापूर्वी एका पहाटे भूकंपात त्या भिंती पडल्या. मठ पडला, शाळा पडली. बसलिंगच्या घराच्या मागच्या खोलीत त्याची नऊ वर्षांची महानंदा झोपली होती. ती गेली.

मठाचे अप्पा तेव्हा विहिरीवर अंघोळीला गेले होते, म्हणून राहिले. आता ते चिंचेखाली तुराट्यांच्या खोपीत राहत.

“कशाची भिंत म्हणालास?” अप्पांनी विचारलं.

“शाळेची. सरकार पत्र्याची देतो म्हणत होतं, मीच आडवा आलो. म्हटलं, दगडाचीच बांधणार. धरणी फाटली तरी लेकरांच्या केसाला धक्का लागणार न्हाई. अडीच हातानं दगा दिला, आता चार.”

“ती यंत्रं घेऊन माणसं आली होती, ती काय म्हणाली?”

“म्हणाली, लई खोलात खडक मोडला. इथं असं होईल हे आम्हालाबी ठाऊक नव्हतं म्हणाली.”

हे सांगताना बसलिंगचा आवाज आपोआप खाली आला. जन्मभर त्याने या काळ्या पाषाणावर घण घातला होता. जगात न हलणारी वस्तू असेल तर हीच, असं धरून तो चालला होता. तोच पाषाण कुठेतरी कोसभर खाली कडाडला आणि वरची गावंच्या गावं बसली. तेव्हापासून जमिनीवर पाय टेकताना त्याला मनातून भीती वाटे. हात जोडावेत अशी ती भीती होती.

“आणखी काय म्हणाली?”

“आणखी…” बसलिंगने मान फिरवली. “म्हणाली, भूकंप माणसं मारत न्हाई, घरं मारतात. तिथून मी उठून आलो.”

अप्पांनी नारळ बाजूला ठेवला.

“आधी मला एक भिंत बांधून दाखव,” ते म्हणाले. “गुडघाभर उंच, दीड हात रुंद.”

“कुठं?”

अप्पांनी मठाच्या बैलगाडीकडे बोट दाखवलं.

“गाडीवर? अप्पा, चेष्टा करायलाव का?”

“या वयात?”

गुरूचा शब्द मोडवेना. बसलिंगने गाडीत दगड भरले आणि बसला बांधायला. कितीही लहान असली तरी भिंत त्याची होती, तेव्हा ओळंबा लावूनच काम चाललं. बाहेरचा थर, आतला थर, मधल्या पोकळीत दगडाच्या चिपा आणि माती. एक लांब धोंडा हाताला लागला. त्याने सवयीने हातोडा उचलला आणि मधोमध फोडला.

“का फोडलास?”

“एकाचे दोन होतात. तोंडं कशी साफ निघतात बघा. बाप सांगायचा, अख्खा लांब धोंडा आडवा टाकणं आळशी गवंड्याचं काम.”

“बरं. आता वर माळवदाची माती टाक. एक टोपलं.”

बसलिंगने टाकली.

“आणखी एक.”

“एवढी कशाला?”

“घरावर किती टाकत होतास?”

“वर्साला एक थर, पावसाच्या आधी. न्हाई तर गळतं की.”

“आणि जुनी काढत होतास?”

“छे, जुनी कोण काढतंय?”

“घर किती वर्षांचं होतं तुझं?”

“आज्यानं बांधलेलं…” बसलिंग बोलता बोलता थांबला. टोपलं त्याच्या हातातच राहिलं.

अप्पांनी ते काढून घेतलं आणि स्वतः भिंतीवर रिकामं केलं. मग पंचाहत्तरीचे अप्पा धोतर सावरत गाडीवर चढले आणि त्यांनी बैलांचे कासरे हातात घेतले. गाडी कोरड्या ओढ्याकडे निघाली. बसलिंग गाडीच्या कडेला हात धरून शेजारून चालू लागला.

मऊ वाटेवर भिंत ढिम्म होती. बसलिंगला जरा बरं वाटलं.

मग चाकं ओढ्यातल्या गोट्यांवर चढली.

थरथर आधी त्याच्या तळहाताला कळली. थरथर ओळखीची होती. त्या पहाटे दाराची चौकट धरली तेव्हा हीच थरथर कोपरापर्यंत आली होती. गाडीने तीन हिसके खाल्ले. भिंतीला पोट आलं आणि ती तुरीच्या शेंगेसारखी मधोमध उकलली. बाहेरचा थर बाहेर गेला, आतला आत आला. मधल्या चिपा वाळूसारख्या ओघळल्या आणि वरची माती धप्पकन खाली बसली.

अप्पांनी गाडी थांबवली.

बसलिंग बघत राहिला. भिंत एक नव्हतीच. जन्मभर तो शेजारी शेजारी दोन भिंती उभ्या करत आला होता, आणि त्यांनी कधी एकमेकींचा हात धरला नव्हता.

“पुन्हा बांध,” अप्पा म्हणाले आणि त्यांनी गाडी चिंचेकडे वळवली.

या वेळी ओळंबा गाडीतच पडून राहिला. लांब धोंडा आला की बसलिंग तो हातात घेई, क्षणभर थांबे आणि अख्खाच आडवा ठेवी, भिंतीच्या बाहेरच्या तोंडापासून आतल्या तोंडापर्यंत. तोंडं ओबडधोबड दिसत होती. बापाने पाहिली असती तर थोबाडीत मारली असती. वर मातीऐवजी त्याने तुराट्यांची एक ताटी टाकली.

गाडी पुन्हा गोट्यांवरून गेली. भिंत हलली, कुरकुरली, वरचे दोन दगड खाली आले.

भिंत उभी राहिली.

तेच गोटे, तीच गाडी, दगडही तेच. बसलिंगच्या अंगावर काटा आला. एवढी मोठी धरणी, कोसभर खोल मोडलेला तो पाषाण… आणि त्याच्यासमोर उभं राहायला एवढंसं पुरत होतं.

मग त्याला दुसरी गोष्ट कळली.

“अप्पा… घर आज्याचं, पण मागच्या खोलीची भिंत मी बांधलेली. वरची माती यंदाबी मीच टाकली. ती म्हणत होती, बाबा, मीबी टोपलं देते…”

त्याने आपल्या हातांकडे पाहिलं.

“म्हणजे माझ्या लेकराला…”

अप्पांनी हो म्हटलं नाही. नाहीही म्हटलं नाही.

बसलिंगने हातोडा उचलला आणि ओढ्यात लांब भिरकावला.

“शाळा पत्र्याची होऊ द्या. ह्या हातांनी आता दगडाला शिवायचं न्हाई. शपथ आहे मला.”

अप्पा खाली उतरले. वाकत वाकत दगडांतून गेले, हातोडा शोधून आणला आणि गाडीत ठेवला. मग पुन्हा वर चढून त्यांनी कासरे हातात घेतले.

“बस गाडीत.”

“कुठं जायचं?”

“नदीपलीकडं. तिथं तू बांधलेली घरं अजून उभी आहेत, आत माणसं झोपतात.”