बयाजीची उरलेली वर्षं

"माझ्या दादाची उरलेली वर्षं कुठल्या गावात जळतायत, महाराज?"

सोमगीर गोसावी जेवत होता. तोंडात दात नव्हते, म्हणून ताकात भाकरी कुस्करून खात होता. त्यानं मान वर केली नाही.

"कोण तू?"

"बयाजीचा धाकटा भाऊ. खंडू."

"बस. ताक घेतोस?"

"तुमच्या हातचं काही घेणार नाही."

खंडूच्या खांद्यावर पहार होती. मठाचा सगळा चढ त्यानं ती वाहून आणली होती, आणि कशासाठी आणली हे लपवलंही नव्हतं.

मठाच्या मागं एक घळ होती. त्या घळीतून काळ वाहायचा, ओढा वाहावा तसा. दिसायचा नाही, पण तासभर हात धरला तर नखं वाढलेली दिसायची. फार पूर्वी कुणीतरी तिथं चाक बसवलं. काळ चाक फिरवायचा, चाकातून वीज निघायची आणि तारांवरून सत्तावीस गावांना जायची. चाक गोसाव्यांनी सांभाळायचं, ही रीत. सोमगीरला त्यात साठ वर्षं झाली होती. बयाजी दोन वर्षांपूर्वी त्याचा चेला झाला. चाकाला वंगण घालायचा. दीड महिन्यापूर्वी तो घरी आला तो तापानं फणफणलेला, आणि चौथ्या दिवशी संपला. चोवीस वर्षांचा होता.

घरच्यांनी हंबरडा फोडला. खंडूच्या डोळ्यांतून टिपूस आलं नाही. तो दिव्याकडं बघत बसला होता.

"दादा दिवसातून दोनदा दाढी करायचा," खंडू म्हणाला. "धडधाकट माणसाला एका दिवसात दोनदा दाढी लागते?"

सोमगीरनं आपली दाढी उचलून दाखवली. ती मांडीवर वेटोळं करून पडली होती.

"घळीत उभं राहिलं की वाढते. मीपण उभा राहतो."

"मग तुम्ही कसे उरलात? वय काय तुमचं?"

"ऐंशी झाली असतील."

"त्यातली दुसऱ्यांची किती खाल्लीत?"

गोसावी बोळक्या तोंडानं हसला. "मला भाकरी चावत नाही रे..."

"हसू नका! पुरावा आहे माझ्याकडं. एरवी आमच्या घरचा दिवा म्हणजे काजवा. दादाला नेलं त्या संध्याकाळी डोळे दिपले. साऱ्या गावात तसंच. माणूस गेला आणि दिवे लख्ख? काय जळत होतं त्यात?"

सोमगीरनं ताटली बोटानं पुसून घेतली.

"त्या दिवशी तुमच्याकडं विजेची शेगडी लावली होती?"

"मयताच्या घरात? डोकं फिरलंय का तुमचं?"

"शेजारी?"

"कुणीच नाही लावली."

"गिरणी?"

"गावात मयत झाल्यावर गिरणी चालवतात होय?"

"पाण्याचा पंप?"

खंडूनं पहार या खांद्यावरून त्या खांद्यावर घेतली.

"चार हत्ती उपाशी बसले," सोमगीर म्हणाला. "त्या दिवशी चिमण्यांना पोटभर मिळालं."

खंडूला ते पटलं. पटलं म्हणूनच त्याचा संशय वाढला. इतकं सोपं उत्तर तयार ठेवणारा माणूस सरळ कसा असेल?

"बोलण्यात नाही हरायचा मी," तो म्हणाला आणि तरातरा घळीकडं निघाला.

सोमगीर काठी टेकत मागोमाग आला. चाक आवाज न करता फिरत होतं. खंडूनं पहार आऱ्यांमध्ये घालायला उचलली.

"तिथं नको. उडून तुझ्याच कपाळात बसेल. इकडं घाल, कण्याजवळ."

खंडू चरकला. "मला अडवत का नाही?"

गोसाव्यानं काठीच्या टोकानं कण्याजवळची जागा दाखवली.

"काहीतरी डाव आहे तुमचा..."

"असेल. बघ तपासून."

खंडूनं पहार घातली. कण्याजवळच घातली. चाक थरथरलं, कण्हलं, थांबलं.

खंडू वाट बघत राहिला. कशाची, ते त्याला पक्कं ठाऊक होतं. चाक अडलं की आत अडकलेलं बाहेर येईल. सगळं नाही, दहा-वीस वर्षं तरी. पाठीमागून दादा हाक मारेल, "खंड्या, वंगणाचा डबा आण."

वारा आला, गेला. खंडूची सावली एका आऱ्यावरून दुसऱ्या आऱ्यावर सरकली. चाक थांबलं होतं. काळ त्याच्या अंगावरून तसाच पुढं चालला होता.

"कुठं आहेत?" त्यानं विचारलं. "कुठं ठेवलीत?"



मग चढावरून कुणीतरी धापा टाकत आलं. पायथ्याच्या गावचा गिरणीवाला, विश्राम. भुवयांवर पीठ तसंच होतं.

"गिरणी बसली! पलीकडच्या गावाचीपण बसली. बायकांनी शेगड्यांवरची भांडी उतरवली. चाक थांबलं म्हणजे महाराजच गेले, असं..." समोर सोमगीर उभा बघून तो गडबडला. "तुम्ही तर इथं. मग... कोण गेलं?"

सोमगीरनं खंडूकडं पाहिलं.

विश्रामनंही पाहिलं.

"दादा," खंडू म्हणाला. त्याचा आवाज फाटला. "माझा दादा गेला हो..."

पहारेला धरूनच तो खाली बसला आणि ओक्साबोक्शी रडू लागला. किती तरी वेळ रडत राहिला.

विश्राम सोमगीरच्या कानाशी आला. "महाराज, बयाजीला जाऊन दीड महिना झाला. चाक सोडा आता. लोकांची दळणं पडलीत."

सोमगीर खंडूशेजारी मांडी घालून बसला. पहारेला त्यानं हात लावला नाही.

"कुणाचा दीड महिना?" तो म्हणाला.