बोटीवरची कढी

"आणि दंड भरला तर?"

मुजावरसरांनी मान वर केली नाही. ते कॉलेजचे ग्रंथपाल. उसवलेल्या पुस्तकाच्या पाठीला खळ लावायला बसले की प्राचार्य आले तरी हात थांबायचा नाही.

"दंड भरला तर दंड भरला," ते म्हणाले. "पुस्तक परत द्यावंच लागतं."

"आणि पुस्तकाची किंमत भरली तर? हरवलं असं धरा."

"हरवलंय?"

सुनेत्रा चौगुले गप्प बसली. पुस्तक तिच्या खांद्यावरच्या पिशवीतच होतं आणि पिशवी तिनं काखेत गच्च दाबून धरली होती.

गप्प बसणं हा काही तिचा स्वभाव नव्हे. एम.ए.च्या वर्गात तिच्याशी वाद घालायला प्राध्यापकही जरा विचार करत. वक्तृत्वाच्या स्पर्धांना गेली की ढाल घेऊनच परतायची. आजही ती ग्रंथालयाचे नियम पाठ करून आली होती.

"सर, मुदत पंधरा दिवसांची. दुसऱ्या कुणाची मागणी नसेल तर मुदत वाढवून मिळते. कितीदा, ते कुठंही लिहिलेलं नाही."

"नाही लिहिलेलं."

"मग मागच्या खेपेला मला 'नाही' का म्हणालात?"

"मागणी आली."

"त्या पुस्तकाला? सर, माझ्याआधी ते कितीतरी वर्षं कुणी हातात धरलं नव्हतं. मीच धूळ झटकून नेलंय."

"आली खरी."

"कुणाची?"

सरांनी खळीचा ब्रश बशीत ठेवला. पुस्तकावर कागद पसरला, कागदावर दुसरी दोन जाडजूड पुस्तकं दाबायला ठेवली. सगळं कसं सावकाश. सुनेत्राला त्या सावकाशपणाचा राग आला.

"माझी," ते म्हणाले.

...

सुनेत्रा टेबलाच्या आणखी जवळ सरकली.

"तुम्ही वाचलंय ते. पहिल्यांदा नेलं तेव्हा तुम्हीच म्हणाला होतात, चांगलं आहे म्हणून."

"वाचलंय."

"मग ही लबाडी झाली सर."

"झाली."

आता समोरचा माणूस असा सरळ कबूलच करून टाकतो म्हटल्यावर वाद घालायचा तरी कसा? सुनेत्रानं पिशवीतून पैशांचं पाकीट काढलं आणि टेबलावर ठेवलं.

"उशिराचा काय दंड होतो तो घ्या. रोज होईल तो रोज भरीन. पुस्तक मी देणार नाही."

सरांनी पाकीट तिच्याकडं सरकवलं.

"दंड विसरणाऱ्याला असतो बाळा. तू विसरलेली नाहीस. तुझ्याकडून मी तो कुठल्या तोंडानं घेऊ?"

ती उभीच राहिली. सरांनी पायानं समोरचं स्टूल पुढं ढकललं. ती बसली.

मुजावरसरांची एक पद्धत होती. मुदत वाढवून हवी तर पुस्तक टेबलावर यायलाच हवं. फोनवर नाही, मैत्रिणीच्या हाती निरोप नाही. पुस्तक आलं की ते हातात घेणार, पाठीवरून अंगठा फिरवणार, पानं सळसळून बघणार आणि मगच आतल्या कागदावर नव्या तारखेचा शिक्का मारणार. पोरं हसायची. म्हणायची, सर पुस्तकाची नाडी बघतात.

सुनेत्राचं पुस्तक हिवाळाभर असं टेबलावर येत राहिलं होतं. दर खेपेला सरांनी ते हातात घेतलं, पानं चाळली, शिक्का मारला आणि परत दिलं; मागच्या खेपेला तेवढा शिक्का मारला नाही. एक अक्षर कधी विचारलं नाही.

आज विचारलं.

"त्यात खूण म्हणून गोळ्यांचं रिकामं पाकीट आहे. कुणाचं?"

सुनेत्राचा हात पिशवीकडं गेला.

"दर खेपेला त्याच पानात असतं. म्हणून विचारलं."

सुनेत्रानं पिशवीचा बंद बोटाला गुंडाळला, सोडला, पुन्हा गुंडाळला.

"आईचं."

सरांनी पंखा बंद केला. तो फार खडखडायचा.

"तिला वाचवत नव्हतं शेवटी शेवटी," सुनेत्रा म्हणाली. "मी वाचून दाखवायचे. बोटीवरच्या आचाऱ्याची गोष्ट म्हटल्यावर ती खूश. मला म्हणाली, एवढ्या कादंबऱ्या आणल्यास, पण यातला माणूस कामाचा दिसतो."

सर हसले. तीही जरा हसली, आणि मग तिला ते जमेना.

"शेवटच्या रात्री निम्म्यातच म्हणाली, आता डोळे मिटतायत, उरलेलं उद्या. माझ्याशिवाय पुढं वाचू नकोस हं. मी हो म्हटलं."

"बरं."

"मी हो म्हटलंय सर."

"ऐकलं मी."

बाहेर व्हरांड्यात कुणीतरी सायकलची घंटी वाजवली. दोघांनीही तिकडं बघितलं नाही. सुनेत्राला वाटलं, आता हे सांगतील की जाणारं माणूस जातं, आपण सावरायचं असतं. घरी येणारा जो तो तेच सांगून चहा पिऊन गेला होता. सरांनी तसं काही म्हटलं तर उठून जायचं, असं तिनं मनाशी ठरवूनही टाकलं.

"त्याच्या आधी काय म्हणाल्या?" सरांनी विचारलं.

"कशाच्या आधी?"

"उरलेलं उद्या, म्हणाल्या. त्याच्या आधी."

तिनं डोळे पुसले. हे तिला कुणी विचारलंच नव्हतं.

"आचारी कढी करत होता. कप्तानाचा वाढदिवस, म्हणून. कढी चुलीवर ठेवून हा बाहेर खलाशांशी गप्पा मारत उभा. तर आई म्हणाली..." सुनेत्राचा आवाज आईसारखा झाला, तिच्याही नकळत. "म्हणाली, अगं मेल्यानं आच केवढी ठेवलीय, आणि ढवळत कोण नाही. फुटणार बघ ती कढी."

"मग? फुटली?"

"मला काय माहीत?"

सर तिच्याकडं बघतच राहिले. टेबलावर दोन्ही कोपरं टेकून ते पुढं वाकले.

"म्हणजे आई पुढच्या पानावर जाऊन बसल्या आहेत," ते हळूच म्हणाले. "आणि तू अजून अलीकडंच."

...



सुनेत्रानं पिशवी उघडली. पुस्तक काढलं. ते टेबलावर ठेवलं आणि खुणेपाशी उघडलं. गोळ्यांचं पाकीट तिनं तळहातात धरलं. पान उलटायला आलेला अंगठा मध्येच थांबला.

"मोठ्यानं वाच," सर म्हणाले. "त्यांना आणि मला ऐकू येईल असं."

तिनं पान उलटलं.

"'गलबला ऐकून मी आत धावलो...'" हे फारच हळू झालं. तिनं मोठ्यानं पुन्हा सुरुवात केली. "'गलबला ऐकून मी आत धावलो. पातेल्यात बघतो तर वर पाणी आणि खाली चोथा. कप्तान दारातच उभा. मी म्हटलं, साहेब, आमच्याकडं अशीच करतात.'"

ती थांबली. सरांकडं बघितलं.

"फुटली सर."

"फुटली?"

"फुटली," ती म्हणाली, आणि हसायला लागली. हसता हसता रडली, रडता रडता पुन्हा हसली. "वर तोंड करून सांगतोय, आमच्याकडं अशीच करतात. आई असती ना, चांगली खरडपट्टी काढली असती त्याची."

"मग काढ की तू."

तिनं काढलीही. आच, ढवळणं, बेसन आधी कालवून घेणं, सगळं त्या आचाऱ्याला ऐकवलं, अगदी आईच्या सुरात, आणि मग पुढं वाचायला लागली. सर ऐकत होते. दाबून ठेवलेल्या पुस्तकाची खळ केव्हाच वाळली होती, तरी त्यांनी वजन उचललं नाही. प्रकरण संपलं तसं सुनेत्रानं गोळ्यांचं पाकीट नव्या पानात ठेवलं. ठेवताना ते जरा कुरकुरलं.

ग्रंथालय बंद करायची वेळ झाली होती. तिनं पुस्तक मिटून सरांपुढं ठेवलं. एक बोट मात्र अजून त्याच्यावरच होतं.

"तुमची मागणी आहे ना सर. घ्या."

"ती मी मागं घेतली."

सरांनी पुस्तक उचललं. पाठीवरून अंगठा फिरवला, पानं सळसळली, खूण कुठं आहे ते बघितलं. मग तारखेचा शिक्का उचलून कागदावर मारला आणि पुस्तक तिच्या हातात दिलं.

सुनेत्रानं ते छातीशी धरलं. दारापर्यंत गेली आणि तिला टेबलावर राहिलेलं पैशांचं पाकीट आठवलं. ती परत फिरली.

"आणि सर, इतक्या दिवसांचा दंड?"

मुजावरसर खिडक्या लावत होते.

"दंड कसला? पुस्तक तू आजच तर नेतेयस."