ठकूच्या धारेवरचा हाळीचा दगड

उंबरदऱ्याच्या कड्यावर, जिथून धबधब्याची वाट खाली उतरते, तिथे कमरेइतका उंच एक दगड उभा आहे. त्याला शेंदूर नाही, फूल नाही, समोर कुणी नारळ फोडत नाही. तरी त्या दगडाला हात लावून स्वतःचं नाव मोठ्यानं सांगितल्याशिवाय गावातलं कुणी दरीत पाऊल टाकत नाही. पाहुण्यांनाही टाकू देत नाहीत.

भाद्रपदातल्या एका सकाळी सहा पाहुणे त्या दगडापाशी येऊन थांबले. बँकेत नोकरी करणाऱ्या तीन मैत्रिणी, गळ्यात दुर्बीण अडकवलेला एक अबोल तरुण, आणि नाशिकचं देवस्थळी जोडपं. वैजयंती देवस्थळी पस्तीस वर्षं शाळेत भूगोल शिकवून निवृत्त झाल्या होत्या. आयुष्यभर मुलांना प्रश्न विचारले, आता जगाला विचारायचे, असा त्यांचा खाक्या होता. त्यांना सकाळपासून एका गोष्टीनं बेजार केलं होतं. वाट दाखवायला आलेली चांगुणाबाई धिंदळे हाकेला ओ देत नव्हती.

बाई बहिरी नव्हती. झाडीत कुठे पाखरू हललं तरी तिला कळत होतं. पण मैत्रिणींनी ‘मावशी, थांबा ना’ म्हणावं आणि तिनं ढिम्म पुढे चालत राहावं. वैजयंतीबाईंनीही दोनदा ‘अहो बाई’ करून पाहिलं. चांगुणाबाई साठीची, काटक, काष्टा मारलेली, हातात विळा. तिनं मागे वळूनसुद्धा पाहिलं नाही. मैत्रिणी आपसांत कुजबुजल्या, की मावशी फारच शिष्ट दिसते.

दगडापाशी ती आपणहून थांबली आणि म्हणाली, “मी चांगुणा. आता येकयेक करून नावं सांगा. नवराबायको आसंल त्यांनी येकमेकाचं सांगायचं.”

पाचजणांची नावं सुरळीत झाली. देवस्थळींनीही दगडावर हात ठेवून “वैजयंती” असं खणखणीत सांगितलं. वैजयंतीबाईंची पाळी आली तेव्हा मात्र गाडी अडली. लग्नाला एक्केचाळीस वर्षं झाली होती. इतक्या वर्षांत ‘अहो’ आणि ‘हे’ यांवर त्यांचं उत्तम भागलं होतं. हा कुठल्या नियमाचा भाग नव्हता, सवय होती. पण ती मोडायची म्हटल्यावर जीभ टाळ्याला चिकटली. “हे आमचे... देवस्थळी,” त्या म्हणाल्या. मैत्रिणी फिदीफिदी हसल्या. चांगुणाबाई हसली नाही. “ऱ्हाऊ द्या,” ती म्हणाली, “वर येताना बघू.”

“पण हे कशासाठी?” वैजयंतीबाईंनी विचारलं. “आणि तुम्ही ओ का देत नाही?”

तेव्हा चांगुणाबाई दगडाला टेकून बसली आणि तिनं ठकूची हकिगत सांगितली.

असं सांगतात, की फार वर्षांपूर्वी देशावरून कोकणात उतरायला हीच एक पायवाट होती. तीन धबधब्यांच्या अंगाखालून ती जायची. वाट अशी अवघड, की उंबरदऱ्याचा माणूस सोबत असल्याशिवाय कुणी उतरत नसे. पण वाटेपेक्षा अवघड होती ती दरी. पाणी कोसळताना आणि वारा कड्यात घुसताना खालून हाका आल्यासारखं वाटे. ए, ए, असं कुणी बोलावतंय. तो चकवा, असं गाव मानी. त्याच्या हाकेमागे गेलेला माणूस कड्यावरून जातो. म्हणून पोर चालायला लागलं की गावात पहिली गोष्ट शिकवत. दरीत बिननावाच्या हाकेला ओ द्यायची नाही. चकव्याला आवाज असतो, पण तुमचं नाव त्याला ठाऊक नसतं.

त्या गावात गोमा नावाचा वाटाड्या होता. त्याचं सहा महिन्यांपूर्वीच लग्न झालेलं. बायको खालच्या कोकणातली, दरीच्या पायथ्याची. गावानं तिचं नाव कधी विचारलं नाही. गावाला ती नवरी होती. सासू आधीच वारलेली, सासरा तिला ‘पोरी’ म्हणे. आणि गोमा? त्या काळी चारचौघांत बायकोचं नाव घेणं म्हणजे लाज सोडल्यासारखं. तो तिला ‘अगं ए’ म्हणे, तेही इकडेतिकडे बघून. सहा महिन्यांत त्या बाईनं स्वतःचं नाव कुणाच्या तोंडून ऐकलं नव्हतं म्हणे.

गौरीच्या सणाआधी पाच कासारांचा तांडा बांगड्यांची ओझी घेऊन कोकणात निघाला. गोमाच्या पायात काटा मोडून पाऊल सुजलं होतं. तेव्हा त्याची बायको म्हणाली, माझ्या माहेराची वाट आहे, मी नेते. सासऱ्यानं मान हलवली, आणि दरीची ती एक गोष्ट तिला पुन्हा बजावून सांगितली.

कासारांत एक म्हातारी होती, भिवरा नावाची. जिभेची तिखट, हाताची हलकी. पहिल्या धबधब्याजवळ विसावा घेतला तेव्हा तिनं नवरीचा हात हातात घेतला, मनगटाचं माप बोटांनीच घेतलं आणि हिरव्या बांगड्या चढवल्या. कुणाची सून, माहेर कुठलं, भाऊ किती, सगळं विचारून झालं. नाव तेवढं राहिलं. हाताचं माप मिळालं की कासारणीला बाई ओळखल्यासारखी वाटते, त्यातलाच तो प्रकार.

तिसऱ्या धबधब्याच्या वरच्या अंगाला ओढा ओलांडायचा होता. धुकं दाटलेलं. नवरीनं पाण्यात उभं राहून एकेकाला हात देत पलीकडे काढलं, मग ओझी काढली. शेवटचं ओझं देताना तिच्या पायाखालचा धोंडा सुटला आणि ती धारेबरोबर खाली गेली.

ती मेली नाही. दोन पुरुष खोलीवर कड्यात एक कपार होती, तिच्यात जाऊन आदळली. पाय मोडला आणि शुद्ध गेली. शुद्धीवर आली तेव्हा चहूकडे पांढरं धुकं, कानात पाण्याचा घोष, आणि त्या घोषातून हाका. “बाई गंऽऽ! ए बाईऽऽ!” हाक एकीकडून यायची आणि कडे तिला चारही बाजूंनी परत पाठवायचे. नवरीनं कपारीच्या भिंतीला पाठ लावली, तोंडावर पदर दाबला आणि ओ दिली नाही. तिला शिकवलं होतं ते तिनं अक्षरशः पाळलं.

कासार दुपार टळेपर्यंत ओरडत राहिले. मग चौघे तिथेच थांबले आणि भिवरा एकटी ओढा परत ओलांडून वर चढली. चढ कसला, नुसती भिंत. म्हातारी हातापायांवर रांगत गावात पोहोचली आणि तुमची नवरी गेली म्हणून सांगितलं.

दुसऱ्या दिवशी उजाडताच सारं गाव कड्यावर आलं. गोमा सुजल्या पायाला फडकं बांधून काठी टेकत आला. लोकांनी हाका घातल्या. कुणी “नवरीऽऽ” म्हणालं, कुणी “पोरीऽऽ”. सासऱ्यानं बेंबीच्या देठापासून हाक मारली. गोमानंही मारली. “अगं एऽऽ.” सगळ्या हाका खाली गेल्या, कड्यांवर आपटून परत आल्या. कपारीत ती बाई थंडीनं काकडत ऐकत होती. आज चकव्यानं सासऱ्याचा आवाज काढलाय, नवऱ्याचाही काढलाय, असं तिला वाटलं, आणि तिनं पदर आणखी घट्ट दाबला. लोक म्हणाले, जिवंत असती तर ओ दिली असती. कुणीतरी डोक्याचं मुंडासं सोडलं.

तेव्हा भिवरा पुढे झाली. “तिला नाव नाही का रं?” तिनं विचारलं.

गाव एकमेकांकडे बघू लागलं. सासऱ्यानं लग्न आठवून पाहिलं, मांडव आठवला, जेवणावळ आठवली, सुनेचं नाव आठवेना. म्हातारा तिथेच मटकन खाली बसला. मग सगळ्यांचे डोळे गोमाकडे वळले. त्याला नाव ठाऊक होतं. पण समोर बाप, चुलते, गावातले जाणते. त्या सगळ्यांच्या देखत बायकोचं नाव? गोमाचे कान लाल झाले. तो जमिनीकडे बघत राहिला. आज हे ऐकताना आपल्याला त्याचा राग येतो, पण तो वाईट माणूस नव्हता. लाज त्याच्या हाडीमाशी खिळली होती इतकंच.

भिवरानं त्याच्यासमोर हात नाचवले. “लाज सांभाळ तू. सांभाळून घरी घेऊन जा. रातच्याला तिच्यासंगंच भाकर खा.”

गोमानं काठी टाकली. सुजल्या पायानं कड्याच्या अगदी टोकाशी गेला, दोन्ही हातांची ओंजळ तोंडाशी धरली आणि ओरडला, “ठकूऽऽ!”

दरी क्षणभर तेच नाव घोळवत राहिली. मग खालून, पाण्याच्या आवाजातून, बारीक पण स्पष्ट उत्तर आलं. “ओऽऽ!”

असं सांगतात, की त्या दिवशी कड्यावर कुणीच आपलं रडू लपवलं नाही. दोर सोडले, लुगड्यांना लुगडी बांधली आणि तिला वर काढली. हातातल्या सगळ्या बांगड्या फुटल्या होत्या, एक तेवढी शाबूत होती. वर आल्यावर ती नवऱ्याला म्हणाली, “कालधरनं चकवा हाका मारतोय. लई आवाज काढलं त्येनं, तुमचाबी काढला. म्या वळखलं, वो दिली न्हाई. तुम्ही कवा आलासा?”

सासऱ्यानं दोनचार गडी हाताशी घेतले आणि जिथून गोमानं हाक दिली तिथे हा दगड रोवला. इथून खाली जाणाऱ्यानं आपलं नाव सोबतच्याला द्यायचं आणि त्याचं मागून घ्यायचं, असा त्यानं दंडक घातला. ठकू पुढे म्हातारी होईस्तोवर लंगडत लंगडत लोकांना ही वाट दाखवत होती, आणि कड्याला ठकूची धार हे नाव पडलं.

“माझ्या सासऱ्याची पणजी ती,” चांगुणाबाई म्हणाली, आणि विळा उचलून चालू लागली.

तीनही धबधबे बघून झाले. मैत्रिणींनी फोटो काढले, अबोल तरुणाला कुठलासा पक्षी दिसला आणि तो चक्क बोलू लागला. वैजयंतीबाईंनी मान उंच करून ती कपार शोधून काढली. एवढ्याशा जागेत एक पोरगी दिवसरात्र ओ न देता बसली होती.

परतताना धुकं उतरलं. देवस्थळींचे गुडघे कुरकुरायला लागले, म्हणून चांगुणाबाई त्यांना घेऊन सगळ्यांच्या मागे राहिली. बाकीचे दगडापाशी पोहोचले, तेव्हा मागची वाट पांढऱ्या भिंतीआड नाहीशी झाली होती.

“अहोऽऽ,” वैजयंतीबाईंनी हाक दिली.

उत्तर आलं नाही. त्यांनी पुन्हा हाक दिली. मैत्रिणींनी “काकाऽऽ, मावशीऽऽ” करून पाहिलं. नुसतं पाणी कोसळल्याचा आवाज. वाटेच्या डाव्या अंगाला सरळ खोल कडा होता, आणि उतरताना देवस्थळी तिथेच एकदा घसरले होते. वैजयंतीबाईंनी कड्याच्या अंगाला डोळे ताणले. तिसऱ्यांदा ‘अहो’ म्हणताना आवाज चिरकला. ‘अहो’ तर कुणीही असतो, हे त्यांना एकदम उमगलं. त्यांनी दगडावर हात ठेवला आणि एक्केचाळीस वर्षांत पहिल्यांदा जिवाच्या आकांतानं ओरडल्या, “मनोहरऽऽ!”

“ओ!”

उत्तर दहा पावलांवरून आलं. धुक्यातून आधी काठी दिसली, मग देवस्थळी, आणि त्यांच्यामागे तोंडाला पदर लावून हसणारी चांगुणाबाई. मंडळी वळणावरच्या धोंड्यावर निवांत बसली होती.

“तिन्ही वेळा ऐकू आलं,” देवस्थळी म्हणाले. “चकवा असेल म्हणून गप्प राहिलो.”

वैजयंतीबाईंनी त्यांच्या दंडावर एक चापट मारली. डोळे पुसले, आणि ते ओले आहेत हे कबूलही केलं. मग चांगुणाबाईकडे वळून त्यांनी तिला नावानं हाक मारली. ती दोन हातांच्या अंतरावर उभी होती, तरी तिनं मोठ्यानं ओ दिली.

आजही उंबरदऱ्यात नवी सून आली की तिला पाचव्या दिवशी कड्यावर आणतात. ती वळणाखाली जाऊन उभी राहते, आणि नवरा साऱ्या गावादेखत दगडापाशी उभा राहून तिच्या नावानं हाळी देतो. तिची ओ वर आली की मगच वाजंत्री वाजतात. आणि आजही ठकूच्या धारेवर धुकं उतरलं की दरीतून कुणीतरी ए, ए म्हणून बोलावत असतं. गावातलं कुणी ओ देत नाही. आपलं नाव येईपर्यंत ते थांबतात.