बांधावरचा सोबती

खूप जुन्या काळची गोष्ट. तेव्हा इंग्लंडच्या पूर्वेकडच्या सखल मुलखात दलदलीकाठी एक गाव होतं. दलदलीत कमरेएवढं लव्हाळं माजलेलं. त्यातून पलीकडच्या गावाला जाणारा एकच मातीचा बांध होता, दोन माणसं जेमतेम शेजारी चालतील एवढा. त्यावरून पाय घसरला तर खाली चिखल, आणि त्या चिखलाचा तळ कुणाला लागला नव्हता.

थंडीच्या दिवसांत बांधावर भरदुपारी धुकं उतरायचं. स्वतःचा हात स्वतःला दिसू नये इतकं दाट. अशा वेळी एकट्या वाटसरूच्या शेजारी एक मोठा काळा कुत्रा येऊन चालू लागे. तो कुणाचा, कुठून येतो, हे कुणालाच ठाऊक नव्हतं. चिखलात त्याचे ठसे उमटत नसत. माणूस ज्या बाजूला झुके, त्या बाजूनं तो चाले आणि त्याला हळूच मध्ये आणी. गावाचं पहिलं घर दिसलं की तो नाहीसा होई. ते भूत आहे हे सगळ्यांना माहीत होतं, पण त्याला कुणी भीत नसे. बाजाराहून एकट्या परतणाऱ्या बायका त्याला ‘सोबती’ म्हणत.

त्या गावात घरं शाकारणारा एक माणूस राहत होता. त्याच्या हातात कसब होतं. त्यानं शाकारलेलं छप्पर तीस वर्षं गळत नसे. त्याची बायको वारली होती, आणि एकुलती एक लेक बांधापलीकडच्या गावात दिली होती. संध्याकाळी तो गावच्या खानावळीत जाऊन बसे. पण तिथं त्याचं बोलणं कुणी ऐकत नसे. त्यानं वाक्य सुरू करावं आणि दुसऱ्याच कुणी ते मोडून आपलं पुढे न्यावं, असं चाले.

एकदा लोकरीचे काही व्यापारी खानावळीत उतरले. गप्पा निघाल्या त्या भुताखेतांच्या. एकानं बिनमुंडक्याच्या घोडेस्वाराची हकीकत सांगितली, दुसऱ्यानं पडक्या मठातल्या रडणाऱ्या बाईची. मग त्यांनी विचारलं, “तुमच्या गावात काही आहे की नाही?”

शाकारणाऱ्यानं सोबत्याची गोष्ट सांगितली. जशी होती तशी.

व्यापाऱ्यांनी जांभया दिल्या. एक जण हसून म्हणाला, “म्हणजे घरी पोचवतो? असलं कसलं हो तुमचं भूत!”

सगळी खानावळ हसली. शाकारणाऱ्याचे कान तापले. आणि त्याच्या तोंडून निघून गेलं, “पुढचं ऐका तरी! त्याचे डोळे निखाऱ्यासारखे लाल आहेत. ज्याच्याकडे तो वळून बघतो, तो वर्षाच्या आत मरतो. आमचा गिरणीवाला गेल्या महिन्यात गेला, तो उगाच नाही.”

गिरणीवाला म्हातारपणानं गेला होता. पण हसू एकदम थांबलं. बाकं पुढे सरकली. कुणीतरी त्याच्यासमोर यवाच्या दारूचा पेला ठेवला. “मग? मग काय झालं?”

आयुष्यात पहिल्यांदा त्याला कुणीतरी ‘मग काय झालं’ असं विचारत होतं.

त्यानंतर तो रोज गोष्ट सांगू लागला, आणि रोज तिला काहीतरी जोडू लागला. कुत्र्याच्या गळ्यात साखळी आली. त्याच्या श्वासानं गवत करपू लागलं. लांबून लांबून लोक ऐकायला येत, आणि ऐकलेलं घेऊन आपापल्या गावी जात. गावातल्या बायका आता बाजाराहून घोळक्यानं परतू लागल्या. धुक्यात काही हललं की दगड भिरकावू लागल्या.

गावच्या म्हाताऱ्या सुईणीला हे सहन होईना. ती त्याच्या दारात येऊन उभी राहिली.

“चाळीस वर्षं मी त्या बांधावरून बाळंतपणांना जातेय. प्रत्येक खेपेला तो सोबत होता. तू त्याचं हे काय करून ठेवलंस?”

“अगं मावशी, गोष्ट आहे ती. गोष्टीनं कुणाचं काय बिघडतं?”

“मग सांग ना सगळ्यांना, की नुसती गोष्ट आहे!”

त्यानं मान खाली घातली. खरं सांगायला हवं, हे त्याला कळत होतं. पण आठ दिवसांवर जत्रा आली होती, आणि त्याची गोष्ट ऐकायला खूप पाहुणे येणार होते. “जत्रा होऊ दे,” तो म्हणाला. “मग सांगतो.”

जत्रेच्या आदल्या दिवशी त्याची लेक माहेरी यायला निघाली. दुपारी बांधावर धुकं उतरलं. ती वेळेवर आली नाही तेव्हा तो माणसं घेऊन शोधायला गेला. बांधाच्या मध्यावर खाली, लव्हाळ्याला धरून, ती गळ्यापर्यंत चिखलात रुतलेली सापडली. दोर टाकून तिला वर काढलं. पण थंडी तिच्या छातीत शिरली होती.

ती तीन दिवस जगली. शेवटच्या दिवशी तिला जरा शुद्ध आली, तेव्हा शेजारपाजारचेही उशाशी होते.

“बाबा, तो आला होता,” ती म्हणाली. “माझ्या शेजारून चालायला लागला. मी घाबरून पळाले.”

“पण का गं? लहानपणी किती वेळा तो तुला घरी घेऊन आला होता!”

“आठवत होतं मला. पण आमच्या गावात फेरीवाला सांगत होता, त्याच्या नजरेनं माणूस मरतो म्हणून. म्हणाला, खुद्द तुझे बाबाच सांगतात.” तिनं त्याचा हात धरला. “तुम्ही सांगितलंत म्हणजे खरंच असणार ना, बाबा?”

संध्याकाळच्या आत ती गेली.

तिला पुरून आल्यावर तो घरी गेला नाही. तसाच चिखलाच्या पायांनी खानावळीत गेला आणि सगळ्यांसमोर उभा राहिला.

“मी खोटं बोललो,” तो म्हणाला. “लाल डोळे नाहीत, साखळी नाही. त्याच्या बघण्यानं कुणी मरत नाही. सगळं माझ्या मनातलं होतं. माझी पोर त्याच्यामुळे नाही, माझ्यामुळे गेली.”

कुणीच त्याचं वाक्य मोडलं नाही. सगळे ऐकत होते. मग खानावळीच्या मालकानं उठून त्याच्या खांद्यावर हात ठेवला.

“बस जरा. दुःखानं तुझं डोकं ठिकाणावर नाही. कुत्रा शेजारी आला हे तिनंच सांगितलं, आणि ती तीन दिवसांत गेली हे सगळ्या गावानं पाहिलं. आता तू नाही म्हणून कसं चालेल?”

तो ओरडला, रडला, त्यानं शपथा घेतल्या. लोकांनी कळवळून माना हलवल्या. कुणी त्याच्यापुढे पेला सरकवला, कुणी त्याला घरी पोचवायला उठलं. विश्वास मात्र एकानंही ठेवला नाही.

तो आणखी बरीच वर्षं जगला. लोक बांध टाळून पाच कोस वळसा घालून जाऊ लागले. बांधावर गवत वाढलं आणि पावसानं तो जागोजागी खचला. खानावळीत पाहुणे येत राहिले. मालक त्यांना काळ्या कुत्र्याची गोष्ट सांगे, आणि शेवटी कोपऱ्यात बसलेल्या म्हाताऱ्याकडे हळूच बोट दाखवी. त्या गोष्टीत आता त्याची लेकही होती.

तात्पर्य : चार माणसांनी वाहवा म्हणावी म्हणून सांगितलेलं खोटं, ज्यानं सांगितलं त्यालाही मागे घेता येत नाही.