पूजेत ठेवलेला हुकूम

पूर्वी चंपानगरीत महीसेन राजा राज्य करीत होता. त्या काळी बोधिसत्त्व त्या नगरात न्यायाधीश होता.

त्या राज्यात न्यायालयाचा हुकूम ताडपत्रावर लिहीत आणि वर ओल्या मातीची मुद्रा उमटवीत. हुकूम हाती आला की अधिकाऱ्याने तो आधी मस्तकी लावायचा आणि मग स्वतःच्या हाताने मुद्रा फोडून वाचायचा. मुद्रा फुटेपर्यंत हुकूम त्याला कळला असे कोणी धरीत नसे.

मल्लक नावाच्या कुंभाराला राजवाड्यातला पेला चोरल्याच्या संशयावरून तुरुंगात टाकले होते. पुढे तो पेला राजवाड्यातच, धान्याच्या कोठीत सापडला. बोधिसत्त्वाने निकाल दिला, "मल्लक निर्दोष आहे. त्याला आजच सोडावे." हुकूम तुरुंगाचा अधिकारी रोहक याच्याकडे गेला.

तेराव्या दिवशी मल्लकाची म्हातारी आई चुंदी न्यायालयाच्या पायरीवर येऊन बसली. तिला फारसे दिसत नसे. मांडीवर भाताचे गाडगे होते.

"बाबा," ती म्हणाली, "तुम्ही आज म्हणाला होतात. तुमचा आज किती दिवसांचा असतो?"

"आई, मल्लक घरी आला नाही?"

"आला असता तर हे गाडगं घेऊन मी तुरुंगाकडे कशाला निघाले असते? भिंत ओली आहे आतली. चार दिवस झाले, ताप उतरत नाही त्याचा."

बोधिसत्त्व आसनावरून उठला आणि तिचा हात धरून चालू लागला. म्हातारीच्या पावलाने चालायचे, म्हणून वाटेत बराच वेळ गेला.

रोहकाने दारात येऊन दोघांचे पाय धुतले. मग मोठ्या आदराने त्याने एक चंदनाची पेटी पुढे आणली. आत मोगऱ्याची फुले होती आणि फुलांवर ते ताडपत्र. मुद्रा जशीच्या तशी होती.

"न्यायालयाचा मान माझ्याइतका कोणी राखत नसेल, आचार्य. रोज ताजी फुले वाहतो."

"मग मुद्रा का फोडली नाहीस?"

"एवढी पवित्र वस्तू, कधीही कशी फोडू? ज्योतिषी पौर्णिमेनंतरचा मुहूर्त सांगतो आहे."

"फुलं ताजी आहेत खरी," चुंदी म्हणाली. "माझा पोरगा तेवढा शिळा झाला."

अंगणापलीकडे रोहकाचे नवे घर दिसत होते. छप्पर अर्धेच शाकारलेले होते. त्यासाठी मल्लकाकडून तुरुंगात थापून घेतलेली कौले अंगणात वाळत होती. बोधिसत्त्वाने ते पाहिले, पण त्याला राग आला नाही. त्याला स्वतःचीच आठवण झाली. अधिकारी ताडपत्र मस्तकी लावीत, तेव्हा त्याला बरे वाटत असे. पुढे काय झाले, हे त्याने कधी विचारले नव्हते.

"मुद्रा तूच फोडायची आहेस," तो शांतपणे म्हणाला. "तोवर माझा शब्द खोटा आहे. ज्याचा शब्द खोटा, त्याने न्यायासनावर बसू नये. मी मल्लकाजवळ बसतो."

तो आत गेला आणि ओल्या भिंतीला टेकून बसला. मल्लकाचे डोके त्याने मांडीवर घेतले. ते तापले होते.

दुपारपर्यंत बातमी राजाला कळली. राजा स्वतः आला आणि म्हणाला, "या रोहकाला हत्तीच्या पायी द्या."

रोहकाने घाईघाईने मुद्रा फोडली आणि बोधिसत्त्वाचे पाय धरले. "आचार्य, माझ्याकडून तुमचा अपमान झाला. क्षमा करा."

"माझा कसला अपमान? हे तेरा दिवस मी घरी जेवलो, कोरड्या अंथरुणावर झोपलो. ज्याचे दिवस गेले, त्याच्याकडे जा."

रोहक कुंभारापुढे हात जोडून उभा राहिला.

"क्षमेचं घरी गेल्यावर पाहीन," मल्लक म्हणाला. "आधी ती पेटी उपडी करा. फुलं बदलताना मी पाहिलंय, तळाशी आणखी पानं आहेत."

पेटी उपडी केली. चार ताडपत्रे पडली. चारींवर बोधिसत्त्वाचीच न फुटलेली मुद्रा होती आणि एक तर तीन वर्षांपूर्वीचे होते. बोधिसत्त्वाने ती एकेक उचलली आणि कुंभारापुढे मान खाली घातली.

दिवस मावळायच्या आत पाच माणसे बाहेर आली. त्यांतल्या एका नावाड्याला उजेडात डोळे उघडवेनात, म्हणून चुंदीने त्याला पदराची सावली दिली.

बोधिसत्त्वाच्या विनंतीवरून राजाने रोहकाला जिवंत सोडले, पण अधिकार काढून घेतला. हुकुमावर मुद्रा लावणे बंद झाले. हुकूम तुरुंगाच्या दारात मोठ्याने वाचायचा आणि सुटलेल्या माणसाला घरी पोचवूनच दूताने परतायचे, असे ठरले. "माणूस घरी पोचला का?" हे विचारल्यावाचून बोधिसत्त्व पुढचा वाद ऐकत नसे.

पुष्कळ जन्मांनंतरची गोष्ट. एक भिक्षू आजारी सोबत्याला औषध नेण्याची आज्ञा रोज वंदन करून घेई आणि रोज उद्यावर टाकी. त्याला समोर बसवून शास्त्याने, म्हणजे बुद्धाने, जेतवन विहारात ही कथा सांगितली. शेवटी तो म्हणाला, "तेव्हाचा रोहक तो हा भिक्षू. राजा तो आनंद. मल्लक तो उपाली, आणि चुंदी आज भिक्षुणीसंघात आहे. न्यायाधीश मीच होतो. बोललेला शब्द दुसऱ्याच्या दारापर्यंत नेऊन खरा करणे, हीच सत्यपारमी, सत्याची पूर्णता."

भिक्षू उठला आणि औषध घेऊन गेला.