बाल्तूशेठची राजीखुशी

"मी कोणाच्या मानेवर सुरी ठेवलीय का, फादर? मी आठ आणे रोज म्हणतो, बाया 'हो' म्हणतात. दोघांची राजीखुशी झाली की झाला भाव! त्यात चर्चचं काय काम?"

रविवारची मिस्सा-प्रार्थना सुटल्यावर चर्चच्या भर अंगणात बाल्तूशेठ फुर्ट्याडो असा काही कडाडला की घंटेखालची कबुतरं उडाली. नुकतंच फादर एलायस प्रवचनात म्हणाले होते, माणसाच्या कष्टाला वांग्याचा भाव लावू नका; राबणाऱ्याचं घर दोन वेळ जेवेल एवढी मजुरी द्या. त्यांनी नाव कोणाचंच घेतलं नव्हतं. पण साऱ्या माना पहिल्या बाकाकडे वळल्या, आणि शेठला तेच झोंबलं!

वसईकडच्या त्या गावात राजेळी केळी सोलून, मांडवावर उन्हात वाळवून सुकेळी करायचा धंदा त्याचाच मोठा. तीस बाया त्याच्याकडे राबत.

"अडलेल्याचा होकार हा होकार नसतो, शेठ," फादर म्हणाले.

"मग दाखवा करून! मला, या बाल्तूला, माझ्याच तोंडून असा सौदा कबूल करायला लावा, जो मला मनातून कबूल नाही. धमकी नको, खोटं नको, अंगाला बोट लावायचं नाही. नाताळच्या आत जमलं तर मजुरी बायांच्या मनासारखी. नाही जमलं तर आठाचे सहा आणे!"

बायांची आठ आण्यांतच चूल कशीबशी पेटत होती. सहात काय शिजवायचं, केळीची सालं?

"मी लावते कबूल करायला!" गर्दीतून आवाज आला. ती मार्सू. मायलेकी दोघी मांडवावरच्या, आणि घरी धाकटी तिघं खाणारी.

"तू? आणि करणार काय गं?"

"ते मला तरी कुठे ठाऊक आहे, मालक! पण नाताळ अजून लांब आहे."

झालं! शेठ इतका सावध झाला की विचारू नका. बायकोने "भात वाढू का?" म्हटलं तरी "किती, आणि कशाच्या बदल्यात?" असं विचारूनच हो म्हणायचा. बिचारी तीन आठवडे न विचारताच वाढत होती. मार्सू मात्र केळी सोलत गाणी म्हणत होती, आणि तिच्या आईच्या तोंडचं पाणी पळालं होतं.

नाताळच्या आधीचा शेवटचा रविवार उजाडला. रविवारी बाया कामाला येत नसत, म्हणून शेठ आणि त्याच्या बायकोनेच पहाटे उठून वर्षाचा सगळा माल मांडवावर पसरला आणि दोघं मिस्साला आली. शेठ पहिल्या बाकावर, डोळे मिटून. मार्सू शेवटच्या बाकावर, दाराशी. तिला दिसलं, समुद्राकडून काळाकुट्ट अवकाळी ढग चढतोय!

ती आईच्या कानाला लागली. आई शेजारणीच्या, शेजारीण पुढचीच्या. मग एकेक बाई बाजूच्या दाराने हळूच बाहेर. फादरना वेदीवरून बाकं रिकामी होताना दिसत होती. आपलं प्रवचन एवढं रटाळ झालं, असं वाटून त्यांनी ते घाईघाईने आटोपतं घेतलं.

शेठ बाहेर आला, वर पाहिलं आणि किंचाळला, "अरे देवा, माझी केळी! मार्सू, बाया कुठायत? माल उचलायला हवा!"

"बाया माझ्या शब्दाबाहेर नाहीत, मालक. भाव बोला."

"आठ आणे!"

"आज ढग मोठा, म्हणून भावही मोठा. डोई दहा रुपये."

"दहा? ही लूट आहे!"

"लूट कसली? नको असेल तर नाही म्हणा. मी काही मानेवर सुरी ठेवलेली नाही!"

टप्प! शेठच्या टकलावर थेंब पडला.

"पाच!"

"दहा."

टप्प! टप्प!

"नऊ! अगं, साडेनऊ!"

"दहा."

"हो! हो! दहा! कबूल!"

आणि शेठ जोडे हातात घेऊन पळत सुटला. मागून मार्सू, मागून झगा सावरत फादर, आणि त्यांच्या मागे अख्खं गाव!

मांडव रिकामा! एक केळं नाही!

"मेलो! लुटलं मला!"

मांडवाशेजारच्या पडवीतून हसण्याचा कल्लोळ उठला. आत सगळा माल कोरडा ठणठणीत, आणि रविवारची लाल लुगडी नेसलेल्या बाया चिकट बोटं पुसत बसलेल्या.

"कधी उचललात?"

"तुम्ही डोळे मिटून बसला होतात ना, तेव्हा," मार्सूची आई म्हणाली.

"म्हणजे मार्सू, फसवलंस मला!"

"एक शब्द तरी खोटा बोलले का, मालक? मी भाव सांगितला, तुम्ही राजीखुशीने हो म्हणालात."

"कसली डोंबलाची राजीखुशी! ढग डोक्यावर, माल उघड्यावर. नाही म्हणायची सोय तरी होती का मला?"

शेठने जीभ चावली, पण उशीर झाला होता.

"तुमच्या डोक्यावर ढग घटकाभर होता, मालक," मार्सू म्हणाली. "आमच्या चुलीवर तो रोज असतो."



"हरलो गं बाई," शेठ मटकन खाली बसला. "म्हणजे आता रोज डोई दहा? मी भिकेला लागेन!"

"दहा मागितले तर मीच बाल्तूशेठ झाले की! ढगाचा भाव आम्हाला नको. घर दोन वेळ जेवेल असा दीड रुपया द्या, म्हणजे तुमचा मांडवही उभा राहील."

"दिला! आणि आजचे किती?" शेठने खिशात हात घातला.

"आजचं काही नाही."

"काही नाही? वर्षाचा माल वाचवलात माझा!"

"आज रविवार, मालक, आज आमचा बाजार बंद! शेजाऱ्याची केळी भिजणार होती, ती उचलली."

शेठचं पोट हललं, खांदे हलले, आणि तो असा खो खो हसत सुटला की डोळ्यांतून पाणी आलं! सुकेळ्यांचं पहिलं बोचकं त्याने मार्सूच्या ओटीत टाकलं आणि कमरेची कोठाराची किल्ली काढून तिच्या हातात ठेवली.

"उद्यापासून मांडवाची मुकादम तू! बोल, पगार किती घेशील?"

"ते उद्या बोलू, मालक," मार्सू किल्ली पदराला बांधत म्हणाली. "आणि सकाळीच बोलू, आभाळ मोकळं असताना!"